बाबांसाठी वेगळी बाटली

माझ्या नाकावर राग असतो हे आमच्या सगळ्या इमारतीला माहीत आहे. माझ्या हाताला चव आहे हेही माहीत आहे. म्हणून लोक पहिलं सोसतात आणि दुसरं मागून नेतात.

मिरचीचा सॉस ही माझी खासियत. लाल, ओल्या, जाड सालीच्या मिरच्या आणायच्या. हातमोजे घालून देठं काढायची, कारण मिरचीच्या हाताने ज्याने एकदा डोळा चोळलाय तो पुन्हा तो शहाणपणा करत नाही. लसूण घालून ठेचायच्या, मिठाच्या पाण्यात बुडवून बरणीत भरायच्या आणि वर काचेची बशी दाबून ठेवायची. बरणी बुडबुडे सोडायला लागली, नाकाला आंबट वास आला की मिक्सरमधून काढायचं, भरपूर व्हिनेगर घालून उकळायचं, गाळायचं आणि बाटल्या भरायच्या. उकळताना सगळ्या खिडक्या उघडते, तरी वरच्या मजल्यापर्यंत लोक खोकत माझ्या नावाने बोटं मोडतात. मग बाटली हातात पडली की त्याच तोंडाने कौतुक करतात.

माझा नियम एकच. बाटली रिकामी करून, धुऊन परत आणायची. अर्धी भरलेली परत आली तर त्या घराला पुन्हा बाटली नाही. पहिल्या मजल्यावरच्या शिवणकामवाल्या बाईने एकदा अर्धी बाटली कचऱ्यात टाकली आणि ती नेमकी माझ्या नजरेला पडली. जिन्यातच मी तिची अशी काही हजेरी घेतली की अजूनही मी जिन्यात दिसले तर ती लिफ्टची वाट बघत उभी राहते. पहिल्या मजल्यावर जायला! मला त्याचं वाईट वाटायचं नाही. खरं सांगायचं तर मजाच वाटायची.

घरात मी आणि माझे सासरे, दोघंच. नवरा बोटीवर इंजिन सांभाळतो, वर्षातले बरेच महिने पाण्यावरच असतो. सासऱ्यांना मी बाबा म्हणते. सगळं आयुष्य छापखान्यात गेलेलं, बोलणं कमी, जेवण त्याहून कमी. माझा सॉस त्यांना सोसत नसे. आंबट पोटात गेलं की छातीत जळजळ सुरू. एकदा शेजाऱ्यांना मिटक्या मारताना बघून म्हणाले, "आंबट नसता, तर मीही खाल्ला असता हो सूनबाई."

सहज बोलले असतील. पण मी ते मनावर घेतलं. घरातल्याच माणसाला माझ्या हातचं मिळू नये म्हणजे काय? मी त्यांच्यासाठी वेगळा सॉस करायला घेतला. बरणीत आंबवणं नाही, व्हिनेगरचा थेंब नाही. मिरच्या आणि लसूण मंद आचेवर भाजून वाटायचं, चवीपुरती मीठसाखर घालायची, बाटलीत दाबून भरायचं आणि वरून तेल ओतून झाकण घट्ट लावायचं. फ्रीजमधलं गार खाल्लं की त्यांच्या दातांत कळ जाते, म्हणून या बाटल्या शेगडीच्या वरच्या फडताळात ठेवायचे, तिथं ऊब असते. माझ्या मते मी लाड करत होते.

बाबांनी पहिल्यांदा चमच्याच्या टोकावर घेऊन चाखला आणि मान डोलावली. "छान झालाय." त्यानंतर दर आठवड्याला बाटली स्वतःच्या खोलीत नेत आणि रिकामी, लखलखीत धुतलेली परत आणून देत. मी नवऱ्याला फोनवर सांगितलं, बघ, तुझे वडील कुणाचं कधी खात नाहीत, माझं खातात. या वेळी तर मी जास्तीचा करून फडताळ भरूनच ठेवलं.

त्या रविवारी दुपारी नणंद आली. माझ्यापेक्षा मोठी, मोठ्या इस्पितळात नर्स. मी तिला ताई म्हणते, अहोजाहो करते, आणि ती घरात आली की माझी भांडी जरा जास्त आवाज करतात. ती काही बोलत नाही, फक्त बघते. बघणंच इतकं स्वच्छ असतं की आपलं स्वयंपाकघर आपल्यालाच कळकट वाटायला लागतं.

आम्ही उकडलेले बटाटे आणि अंडी घेऊन बसणार होतो. बाबा बाहेरच्या खोलीत खुर्चीत डोळे मिटून होते. त्यांनी सकाळीच जुनी बाटली रिकामी करून दिली होती, म्हणून मी फडताळातून नवी काढली. झाकण फिरवलं आणि फुस्स आवाज झाला. तेलाला फेस आला, तो बाटलीच्या गळ्यावरून माझ्या बोटांवर ओघळला.

"बघा, कसा जोमात आहे," मी म्हणाले.

ताईच्या हातातली सुरी थांबली. "यात व्हिनेगर किती घातलंस?"

"अजिबात नाही. हा बाबांसाठीचा वेगळा आहे."

"आंबवलेला आहे?"

"अहो, त्यांना आंबट चालत नाही. तुमचेच वडील ना ते?"

"आणि ठेवला कुठं होतास? फ्रीजमध्ये?"

आता माझं डोकं तापायला लागलं. मी म्हटलं, परीक्षा घ्यायची असेल तर आधी चव तरी घ्या. वास किती छान येतोय बघा. थांबा, मीच खाऊन दाखवते. मी चमचा भरून तोंडाशी नेला आणि ताईने माझ्या हातावर असा फटका मारला की चमचा भिंतीवर जाऊन आपटला. इतक्या वर्षांत तिने माझ्याशी आवाजही चढवला नव्हता. मी भांडायला तोंड उघडलं आणि तिचा चेहरा बघितला. तिच्या ओठांचा रंग गेला होता.

"हात धू," ती म्हणाली. "साबणाने. पुन्हा धू. तू यातलं काही खाल्लंस?"

"नाही. हा मला गुळमट लागतो."

"बाबांनी?"

मी ओट्यावर पालथ्या घातलेल्या रिकाम्या बाटलीकडे बघितलं.

ताईने मला दोनच मिनिटांत जे सांगितलं ते मी जन्मात विसरणार नाही. लसूण मातीत वाढतो, मातीतले जंतू त्याच्याबरोबर येतात आणि त्यांची बीजं भाजून मरत नाहीत. आंबटात ती डोकं वर काढत नाहीत. पण आंबट नाही, हवा नाही, वर तेल आणि शेगडीची ऊब, असं मिळालं की ती जागी होतात आणि विष करतात. त्या विषाला वास नाही, चव नाही. तिच्या इस्पितळात एक अख्खं कुटुंब आलं होतं, घरी बाटलीबंद केलेल्या भाज्या खाऊन. आधी एकाचे दोन दिसायला लागतात. पापण्या मिटायला लागतात. बोलणं बोबडं होतं, घोट गिळता येत नाही. मग हात, मग छाती. माणूस शेवटपर्यंत शुद्धीवर असतो, फक्त श्वास घेता येत नाही.

"त्यातले किती वाचले?" मी विचारलं.

ती म्हणाली, "आधी बाबांना बघू."

इतकी वर्षं मी ते व्हिनेगर चवीचं समजत होते. तेच आम्हाला जपत होतं, आणि मी ते प्रेमाने काढून टाकलं होतं.

बाहेरच्या खोलीत बाबा तसेच खुर्चीत होते, मान एका बाजूला कललेली. पापण्या मिटलेल्या होत्या. झोपलेल्या माणसाच्या पापण्या मिटलेल्याच असतात, एवढंही त्या क्षणी मला सुचलं नाही. मी त्यांचे खांदे धरून गदागदा हलवले. त्यांनी डोळे उघडले, पण अर्धेच. हे नेहमीच अर्धे उघडतात का? रोज बघते मी त्यांना, आणि मला आठवेना. माणसाच्या पापण्या कुठवर असतात हे कोण लक्षात ठेवतं?

"काय झालं? आग लागली का?" बाबा म्हणाले.

आवाज घोगरा होता. झोपेचा की विषाचा? ताईने त्यांच्यासमोर बोट धरलं. एक दिसतं की दोन? एक. बोटाबरोबर डोळे फिरवा. वर बघा. दात दाखवा. हे पाणी प्या. मी त्यांच्या गळ्याकडे बघत होते. घाटी वर गेली, खाली आली, पाणी पोटात गेलं. दुसरा घोटही गेला. मला रडू फुटलं.

"साप साप म्हणून भुई काय धोपटताय दोघी?" बाबा चिडले. "मला काही झालेलं नाही."

"नसेल झालं," ताई म्हणाली. "पण सॉस बिघडलेला आहे आणि त्याचं विष उद्यापरवापर्यंतही चढू शकतं. बूट घाला. इस्पितळात जायचं. काही झालं तर तिथं असलेले बरे."

बाबांनी पहिला बूट घातला. दुसऱ्याची नाडी हातात धरली आणि तशीच धरून बसले. त्यांच्या चेहऱ्यावरचा वैताग हळूहळू उतरला.

"मला न्यायचं कारण नाही," ते म्हणाले.

"बाबा, हट्ट करू नका."

"हट्ट नाही. मी खाल्लाच नाही तो." ते माझ्याकडे बघत नव्हते, ताईकडे बघत होते. "पहिल्या दिवशी चाखला, तेवढाच. मला आवडला नाही. लसणाचा फार उग्र वाटला."

"मग इतक्या बाटल्या?" मी ओरडलेच. तेव्हासुद्धा मी ओरडलेच. "रिकाम्या करून आणून देत होतात ना मला? कुठं ओतलात?"

"ओतणार कुठं? तुला दिसलं असतं." त्यांनी नाडी सोडली. "खाली देत होतो. घड्याळ्याला."

घड्याळ्या म्हणजे तळमजल्यावरचे घड्याळ दुरुस्त करणारे काका. बाबांचे जुने मित्र. दुकानाच्या मागच्या खोलीत एकटेच राहतात. रोज सकाळी दोघांचा बुद्धिबळाचा डाव असतो आणि रोज दोघंही आपणच जिंकलो म्हणून सांगतात.

ताई उठून उभी राहिली. "ते कसे आहेत? आज भेटलात?"

बाबांचा एकेक शब्द बाहेर आला. "आज डाव अर्धा टाकून उठला. म्हणाला, प्यादी दोन-दोन दिसतात. मला वाटलं, हरतोय म्हणून सोंग करतोय. मी हसलो. म्हटलं, चष्मा बदल लेका."

मी जिना कसा उतरले मला माहीत नाही. शिवणकामवाली बाई मध्ये भेटली, भिंतीला चिकटून उभी राहिली. दुकानाचं शटर अर्धं खाली होतं. आम्ही वाकून आत गेलो. काउंटरवर एक घड्याळ उघडून पडलेलं, शेजारी चिमटा आणि भिंग. काकांचं कुठलंही काम असं उघडं टाकलेलं मी कधी बघितलं नव्हतं, ते चहाला उठले तरी वर काचेचं झाकण ठेवतात.

"काका!" मी हाक मारली. उत्तर नाही. पुन्हा मारली. मागच्या खोलीतून खुर्ची सरकल्यासारखा आवाज आला.

ते पलंगाच्या कडेला बसले होते. हनुवटी वर करून, नाकाच्या शेंड्याकडून बघावं तसे बघत होते, कारण पापण्या डोळ्यांवर आल्या होत्या आणि खालून उरलेल्या फटीतून जेवढं दिसेल तेवढंच दिसत होतं. दारात मी आणि ताई. मागे बाबा धापा टाकत पोचत होते.

"या," काका म्हणाले. आवाज नाकातून येत होता, जिभेवर कापूस ठेवल्यासारखा. "आज चौघीजणी कशा काय?"

ते हसायला गेले. चेहरा हसला नाही.

ताईने त्यांना पाण्याचा एक घोट दिला. तो नाकातून परत आला. त्यानंतर तिने एक क्षण दवडला नाही. रुग्णवाहिकेला फोन, तिच्या इस्पितळाला फोन, मला हुकूम, वरून ती उघडलेली बाटली पिशवीत बांधून आण, हात लावू नकोस. मी धावत वर गेले. फडताळात बाकीच्या बाटल्या ओळीने उभ्या होत्या. माझ्याच हातच्या. मला त्यांची इतकी भीती वाटली की मी फडताळ कोपराने ढकलून बंद केलं.

रुग्णवाहिकेत काकांना श्वास घेताना खांदे उचलावे लागत होते. बाबा त्यांच्याशी सारखे बोलत होते. "तो डाव तसाच ठेवलाय बरं का. हात लावलेला नाही. तुझा वजीर जाणार आहे, सोंगं करून वाचायचा नाही." काका उत्तर देत नव्हते. आधी मला वाटलं ऐकू येत नाही. मग दिसलं, त्यांचे ओठ हलत होते, आवाज निघत नव्हता.

इस्पितळात एक तरुण डॉक्टरीण होती. तिने बाटली ताब्यात घेतली, प्रश्न विचारले, मी उत्तरं दिली. कधी केला, काय घातलं, कुठं ठेवला. ती मला काही बोलली नाही. बोलली असती तर बरं झालं असतं. विषावरचा उतारा त्यांच्याकडे नव्हता. दुसऱ्या शहरातल्या साठ्यातून निघाला होता, वाटेत होता. तोवर काय, विचारलं, तर म्हणाली, तोवर आम्ही श्वास सांभाळू.

पाठोपाठ काकांच्या गळ्यात नळी घातली आणि श्वासाचं यंत्र लावलं. काचेतून मला त्यांची छाती वर-खाली होताना दिसत होती, आणि ती त्यांची स्वतःची नव्हती हे कळत होतं. बाकावर बसून मी लिफ्टच्या दाराकडे बघत होते. दार उघडलं की उठून उभी राहायचे. जेवणाची गाडी यायची, कुणाचे नातेवाईक यायचे, उतारा यायचा नाही. मनात सारखा हिशेब चालायचा, आता विष हातात उतरलं असेल, आता पायात. हे सगळं मी मिक्सरमध्ये वाटलं होतं, मीठसाखर बघून.

बाबा शेजारी होते. त्यांच्या एका बुटाची नाडी अजून सुटलेलीच होती.

"बाबा," मी म्हणाले, "आवडला नाही तर सांगायचं होतंत मला."

त्यांनी माझ्याकडे बघितलं. "तुला?"

एवढंच म्हणाले. मी सासऱ्यांची सेवा करते, त्यांना गरम खाऊ घालते, असं सगळ्या जगाला सांगत फिरत होते. आणि घरातला म्हातारा माणूस माझ्या भीतीने बाटली कोटाखाली लपवून जिना उतरत होता. मला लाज वाटली. पण त्याहून जास्त भीती वाटली, की हे आता कळून उपयोग काय?

थोड्या वेळाने बाबाच म्हणाले, "त्याला मात्र फार आवडायचा हो. माझ्यासमोर ब्रेडला लावून मिटक्या मारत खायचा. म्हणायचा, तुझ्या सुनेच्या हाताला तोड नाही. तेवढं मी खोटं सांगत नाही."

मी त्या शब्दांना धरून बसले. निदान चवीने खाल्लं. निदान कुणीतरी.

उतारा संध्याकाळी आला. एक माणूस थंड पेटी घेऊन लिफ्टमधून धावत बाहेर पडला आणि मी त्याच्या पाया पडायचीच काय ती बाकी राहिले. औषध शिरेतून दिल्यावर डॉक्टरीण बाहेर आली. मी विचारलं, आता उठून बसतील ना?

"नाही," ती म्हणाली. "झालेलं नुकसान हे औषध भरून काढत नाही. ते पुढे सरकायचं थांबवतं, तेवढंच. बाकी शरीर आपणहून सावरेल, त्याला महिने लागतील. आत्ता त्यांची पापणी हलत नाही, जीभ हलत नाही. उजव्या हाताची तर्जनी तेवढी हलतेय. उद्या सकाळी ती हलत असली तर समजायचं थांबलं."

"आणि नसली तर?"

"उद्या बघू. आणखी एक. ते पूर्ण जागे आहेत. त्यांना सगळं ऐकू येतं. त्यांच्या पलंगाशी काही बोलताना जपून बोला."

ताईने तेवढ्यात आत जाऊन काकांशी खूण ठरवून घेतली होती. हो म्हणायचं तर बोट उचलायचं. नाही म्हणायचं तर नाही उचलायचं. रात्र आम्ही बाकावरच काढली. मी डोळ्यांत तेल घालून दाराकडे बघत होते आणि मनात फक्त ते एक बोट होतं. आयुष्यभर बारीक चिमट्याने केसाएवढे स्क्रू उचललेलं बोट.

सकाळी एकेकालाच आत सोडत होते. बाबा म्हणाले, "तू जा. माझी छाती होत नाही." दारापर्यंत गेल्यावर त्यांनी मला मागे ओढलं आणि कुजबुजले, "सॉसचं सांगू नकोस त्याला. कशाला उगाच?"

पण मी सांगणार होते. आमच्या घरात आता ताकास तूर लागू न देणं पुरे झालं होतं.

काकांच्या डोळ्यांवर ओली पट्टी होती. यंत्र सुस्कारा टाकत होतं आणि त्यांची छाती त्याच्या तालावर चालत होती. पलीकडच्या बाजूला ताई नळ्या तपासत होती. उजवा हात चादरीवर पसरून ठेवलेला. मी खुर्ची ओढून बसले आणि त्या हाताकडे बघायचं धाडस होईना, म्हणून आधी त्यांच्या कानाशी बोलले.

"काका, मी वरची सून. ऐकू येतंय का?"

मग बघितलं. काही नाही. आणि तर्जनी चादरीवरून उचलली गेली, थरथरली, खाली टेकली.

माझ्या जिवात जीव आला. थांबलं होतं. मी भडाभडा बोलायला लागले. काका, तो सॉस मी केला होता. बाबांच्या लाडासाठी त्यातलं आंबट मी काढलं. तुमची ही दशा माझ्या हातून झाली. बाबांचा दोष नाही, मी ओरडेन म्हणून त्यांनी तुम्हाला दिला. तुम्ही बरे व्हा, काय वाटेल ते बोला मला, दुकानात उभं करून बोला. काकांचं बोट शांत होतं. मी काही विचारलंच नव्हतं.

डोळे पुसले आणि काहीतरी चांगलं बोलावं म्हणून म्हणाले, "बाबा सांगत होते, तुम्हाला फार आवडायचा म्हणून. आवडायचा ना हो, काका?"

बोट उचललं गेलं नाही.

मी वाट बघितली. यंत्राने सुस्कारा टाकला, पुन्हा टाकला. बोट चादरीवर तसंच. नखाचा रंग मला वेगळा वाटायला लागला. आत्ता तर हललं होतं! म्हणजे थांबलं नव्हतं, म्हणजे शेवटचंही गेलं. "ताई!" मी किंचाळले. "ताई, बोट! बोट हलत नाही!"

ताई वळसा घालून आली. मला बाजूला सारून तिने काकांच्या तळव्याखाली हात घातला. "काका, माझा आवाज ऐकू येतोय?"

बोट लगेच उचललं गेलं. पहिल्यापेक्षा स्पष्ट.

"कुठं दुखतंय का?" बोट हललं नाही. "अंगाखालची उशी सरकवू का?" बोट उचललं गेलं.

ताईने उशी सरकवली आणि माझ्याकडे वळली. "उत्तम हलतंय की. एवढी घाबरलीस कशाला? तू काय विचारलं होतंस त्यांना?"

ती दुसऱ्या पलंगाकडे गेल्यावर मी पुन्हा खुर्चीत बसले. काकांचा हात हातात घ्यावा असं वाटलं, पण बोट अडेल म्हणून घेतला नाही. अगदी हळू, मला स्वतःला ऐकू येईल एवढ्याच आवाजात विचारलं.

"बाटली भरलेली परत आली असती तर मी बाबांवर तुटून पडले असते. म्हणून संपवत होतात?"

बोट उचललं गेलं. ते पुन्हा चादरीवर टेकायला बराच वेळ लागला.